ओषधी, औषध आणि झाडांची विद्या

आधी रोजचे दुखणे. 'औषधी वेळेवर घ्या', 'औषधींचा तुटवडा', 'येथे सर्व औषधी मिळतील'. पणजीत वाचा, म्हापशात वाचा, तेच. घ्यायचे असते ते औषध, अनेकवचन औषधे. 'औषधी' हे विशेषण आहे: औषधी गुण, औषधी तेल. आणि 'ओषधी' हा तिसराच शब्द, 'ओ'ने सुरू होणारा. संस्कृत कोशांत 'औषधि' असेही रूप आहे हे कळवण्याची तसदी कोणी घेऊ नये. मला ठाऊक आहे, आणि त्याने दुकानाची पाटी शुद्ध ठरत नाही.

हे आठवायला निमित्त झाले डिचोलीहून आलेले पत्र. पत्रलेखक मुलांसाठी कादंबरी लिहीत आहेत. तिच्यात सत्तरीच्या रानातल्या एका शाळेत जादू शिकवतात, पण ती फक्त जिवंत झाडावर चालते. फांदी तोडली की शक्ती गेली. या विद्येला 'वनस्पतीजादू' म्हणावे, 'हरितजादू' म्हणावे की 'जडीबुटीशास्त्र', असा त्यांचा प्रश्न आहे. शिवाय 'जादू' फारसी, म्हणून ती टाळावी का, अशी शंका.

जडीबुटी हिंदी मालिकांकडे परत पाठवा. 'हरित' आता इमारतींना आणि लवादांना लागतो, तिथेच राहू दे. 'वनस्पती' समासात आधी आली की तिचा 'ति' ऱ्हस्व होतो, हे वनस्पतिशास्त्र शिकलेल्यांनाही सांगावे लागते. त्यात मनुस्मृतीच्या व्याख्येने फुलावाचून फळणारे झाड तेच वनस्पती, म्हणजे वड, उंबर. तुमच्या शाळेतल्या वेली तिथे दारातच अडतील.

जादू मात्र ठेवा. पारशांच्या धर्मग्रंथातला, अवेस्तेतला 'यातु' आणि वेदातला 'यातु' सख्खे भाऊ. एकाचा फारसीत जादू झाला, दुसरा 'यातुधान' या राक्षसवाचक शब्दात उरला. परका म्हणून हाकलायचा तर आपलाच भाऊबंद हाकलला जाईल.

आता खरी गंमत. झाडाच्या जादूला संस्कृतात तयार शब्द आहे: मूलकर्म. मुळ्या वापरून केलेली करणी. अमरकोशात ओळच आहे, 'मूलकर्म तु कार्मणम्'. कार्मण हा शब्द कर्मन् वरून आलेला. तो गुजरातीत 'कामण' होऊन अजून मोहिनी घालतो. आपण तो हरवला, पण त्याच 'कृ' धातूची 'करणी' ठेवली. अथर्ववेदातली 'कृत्या'ही त्याच घरची. म्हणजे आपल्या भाषांना जादू ही वस्तू वाटतच नाही, ते कोणीतरी कोणावर तरी 'केलेले' असते. आणि गोव्यात राहून पुढचे न सांगणे पाप ठरेल: पोर्तुगीज 'फेइतीसु', म्हणजे जादूटोणा, लॅटिन 'फाक्तिकियुस'वरून आला, आणि त्याच्या मुळाशी 'फाकेरे' म्हणजे करणे! इंग्रजीतला 'फेटिश' त्याचाच वंशज. दर्यापार दोन टोकांना लोकांनी स्वतंत्रपणे 'करणी'च म्हटले. ज्या सत्तेच्या भाषेत हा शब्द होता तिच्या इन्क्विझिशनने, म्हणजे धर्मन्यायालयाने, 1736 च्या हुकूमनाम्यात घरच्या तुळशीवरही बंदी घातली. मुळी नव्हे, चूर्ण नव्हे, अंगणात उभे असलेले रोप. जिवंत झाडाची धास्ती त्यांना बरोबर कळली होती, असे माझे मत. इतिहासाचे प्राध्यापक याला धर्मकारणच म्हणतील, म्हणोत.

पण मूलकर्म तुम्हाला चालणार नाही, कारण त्यात खणावे लागते. ऋग्वेदात सवतीचा काटा काढायला निघालेली बाई पहिल्याच शब्दांत सांगते, 'इमां खनाम्योषधिम्', ही ओषधी मी खणते. उपटली की तुमच्या नियमाने खेळ खलास.

म्हणून ओषधी. ओषधी म्हणजे जमिनीत उभी असलेली, फळ पिकले की संपणारी. तिच्यापासून झाले ते औषध. आपल्या गावठी 'वखदा'तही तेच औषध आहे, 'ष'चा 'ख' झालेले. 'दोष पिते ती ओषधी' ही व्युत्पत्ती आयुर्वेदाच्या व्याख्यानात टाळ्या घेते. वेदांतल्या शब्दांच्या व्युत्पत्ती सांगणाऱ्या 'निरुक्ता'चा कर्ता यास्क, त्याने ती तीन पर्यायांतला शेवटचा पर्याय म्हणून, 'वा' लावून दिली आहे. बाकीचे दोन पर्याय वक्ते गिळतात, आणि दोषातला 'द' कुठे गेला हे कोणी विचारत नाही. यास्काबद्दल आदर आहे, पण तिथे तो नुसता शब्दांशी खेळतो आहे.

ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातले सत्त्याण्णवावे सूक्त ओषधींचे आहे, आणि त्यात ओषधी बोलतात. 'ओषधयः सं वदन्ते सोमेन सह राज्ञा', सोमराजाशी त्यांचा संवाद चालतो. खणणाऱ्याला इजा न होवो, अशी विनवणीही त्यांच्यापाशीच आहे. सत्तरीत नानोडे-बांबरच्या निरंकाराच्या राईत जा. चिखलातून रानजायफळाची मुळे गुडघ्यासारखी वाकून वर आलेली दिसतील. देवाच्या राईतली काटकी मोडायची नाही, काही हवे तर गाऱ्हाणे घालायचे. तुम्ही जी विद्या कल्पिता तिचा निम्मा अभ्यासक्रम तिथे आहे. झाडांना हुकूम सोडणारी पात्रे असतील तर ती बदला, ती गाऱ्हाणे घालू देत.

हां, नाव. ओषधिविद्या, 'धि' ऱ्हस्व. मुळ्या उपटणाऱ्या खलनायकाला मूलकर्मी म्हणा. त्याला शिक्षा काय द्यावी याचा विचार मनूने केलेलाच आहे: दोनशे 'पण' दंड, पण म्हणजे तेव्हाचे नाणे.