ब्रिटिश बीट ग्रुपमधली गायिका लुलू ‘शाउट’नंतर मागे पडली का?

नाही, मागे पडला तो तिचा बीट ग्रुप, म्हणजे साठच्या दशकातला गिटार-ड्रम्सवर रॉक अँड रोल वाजवणारा ग्रुप. ग्लासगोत ग्लेनईगल्स नावाने वाजवणारी ही पोरं लंडनला आल्यावर लव्हर्स झाली. 1964 साली डेक्का या रेकॉर्ड कंपनीने काढलेल्या ‘शाउट’च्या तबकडीवर ‘लुलू अँड द लव्हर्स’ असं नाव होतं. मूळ गाणं अमेरिकेतल्या आयझली ब्रदर्सचं. लुलू तेव्हा 15 वर्षांची. सुरुवातीलाच ‘वेऽऽल’ म्हणत ती जो खरखरीत सूर लांबवते, त्यातच सगळं आलं. वाद्यं कुणी वाजवली हे कुणाच्या लक्षातही राहत नाही. रेकॉर्ड ब्रिटनच्या विक्री-यादीत सातव्या क्रमांकापर्यंत गेली आणि 1966 मध्ये लुलू ग्रुपमधून बाहेर पडली.

डेक्काकडे पुढे ‘शाउट’च्या तोडीचं काही जमेना. 1967 मध्ये ती कोलंबिया लेबलवर निर्माता मिकी मोस्टकडे आली आणि नील डायमंडचं ‘द बोट दॅट आय रो’ सहाव्या क्रमांकावर गेलं. त्याच वर्षी ‘टू सर, विथ लव्ह’ चित्रपटात तिने काम केलं, शीर्षकगीतही गायलं. त्याची चाल मार्क लंडनची, म्हणजे लुलूची मॅनेजर मॅरियन मॅसी हिच्या नवऱ्याची. शब्द डॉन ब्लॅकचे. हे गाणं अमेरिकेत पाच आठवडे पहिल्या क्रमांकावर होतं. ब्रिटनमध्ये मात्र ते ‘लेट्स प्रिटेंड’च्या मागच्या बाजूला टाकलं होतं! त्यामुळे तिथल्या यादीत हे गाणं शोधत बसू नका.

नंतर टीव्हीने तिला घराघरांत नेलं, पण गाणी मिळमिळीत झाली, असं माझं मत. 1969 च्या युरोव्हिजनसाठी, म्हणजे युरोपातल्या देशांच्या गाण्यांच्या स्पर्धेसाठी, तिच्याच टीव्ही कार्यक्रमात सहा गाणी ठेवून प्रेक्षकांची मतं घेतली. ‘बूम बँग-ए-बँग’ जिंकलं. एल्टन जॉन आणि बर्नी टॉपिन यांचं गाणं शेवटचं आलं. माद्रिदला मुख्य स्पर्धेत ब्रिटनसह चार देशांना सारखेच 18 गुण पडले, बरोबरी सोडवायचा नियमच नव्हता, म्हणून चौघेही विजेते. 1974 मध्ये डेव्हिड बोवीने तिच्याकडून ‘द मॅन हू सोल्ड द वर्ल्ड’ गाऊन घेतलं, ते ब्रिटनच्या यादीत तिसरं आलं. ब्रिटनमध्ये पहिला क्रमांक मिळायला मात्र 1993 उजाडलं, तोही ‘टेक दॅट’ या बँडसोबत.

गळा असून नशीब नसणं काय असतं ते पाहायचं तर लिव्हरपूलची बेरिल मार्सडन ऐका. 1966 च्या ‘शॉटगन एक्सप्रेस’ या ग्रुपमध्ये तिच्याबरोबर रॉड स्टुअर्ट, पीटर ग्रीन, मिक फ्लीटवुड होते. ते पुढे गाजले, बेरिलची एकही रेकॉर्ड मोठी हिट झाली नाही.

‘शाउट’ ऐकताना साल मात्र बघा. लुलूने ते 1986 मध्ये पुन्हा रेकॉर्ड केलंय आणि संकलनांत कधी कधी तेच घुसडलेलं असतं. बीट ग्रुपचा आवाज हवा असेल तर लव्हर्सचं नाव असलेलं 1964 चंच घ्या.