जमिनीच्या व्यवहारात विसार घेतला, विक्रीखत अडकलं, आता फसवणुकीची तक्रार. अटकपूर्व जामीन मिळेल का?

मिळण्याची शक्यता चांगली आहे, पण कागद बोलले पाहिजेत. फसवणुकीला (आता भारतीय न्याय संहिता कलम 318, पूर्वीचं 420) पैसे घेतानाच खोटा हेतू लागतो. नंतर शब्द पाळता आला नाही, तर तो करारभंग. त्याची जागा दिवाणी कोर्टात.

तुमचं विक्रीखत भावंडांमधली इन्व्हेंटरी (वारसांमधल्या वाटणीची कोर्टातली प्रक्रिया) संपली नाही म्हणून राहिलं. गोव्यात हे रोजचंच. कळीचा प्रश्न एकच: विसार घेताना खरेदीदाराला हे सांगितलं होतं का? करारात उल्लेख असेल, एक-चौदाच्या उताऱ्यावर (गोव्यातला जमिनीच्या हक्कनोंदीचा उतारा) सगळ्यांची नावं त्याने पाहिली असतील, तर बाजू भक्कम. लपवलं असेल, किंवा तीच जमीन दुसऱ्यालाही दाखवली असेल, तर ‘वाद दिवाणी आहे’ एवढं म्हणून भागत नाही.

अर्ज कलम 482 खाली (भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, म्हणजे फौजदारी प्रक्रियेचा कायदा), आधी सत्र न्यायालयात. फेटाळला तर पर्वरीला उच्च न्यायालयात. सुनावणीपर्यंत अंतरिम संरक्षण मागाच. पोलिसांची त्याच संहितेच्या 35(3) ची, म्हणजे हजर राहायला सांगणारी नोटीस आली तर हजर राहा, पोच घ्या. बरेच जण घाबरून फोन बंद ठेवतात. तेच अंगाशी येतं. आणि विसार परत करायची तयारी असेल तर वकिलामार्फत लेखी कळवा, पोलीस ठाण्यात तोंडी तडजोड नको.