वाचकांचे प्रश्न : टॉन्सिल, अ‍ॅडिनॉइड आणि अहवालातला ‘लिम्फॉइड हायपरप्लेजिया’

या महिन्यात आलेल्या पत्रांपैकी तीन पत्रांचा विषय एकाच ऊतीशी निगडित आहे, म्हणून त्यांची उत्तरे एकत्र देत आहे.

प्रश्न : माझा मुलगा सहा वर्षांचा आहे. गेली दोन वर्षे तो तोंड उघडे ठेवून झोपतो आणि मोठ्याने घोरतो. मध्येच श्वास अडकल्यासारखा होतो आणि तो दचकून कूस बदलतो. घसा मात्र वर्षातून एक-दोनदाच दुखतो. कान-नाक-घसा तज्ज्ञांनी ‘अ‍ॅडिनोटॉन्सिलर लिम्फॉइड हायपरप्लेजिया, टॉन्सिल ग्रेड तीन’ असे लिहून शस्त्रक्रिया सुचवली आहे. ही गाठ कर्करोगाची तर नाही ना? सासूबाई म्हणतात की टॉन्सिल काढले की मुलाची प्रतिकारशक्ती जाते. शेजारच्या काकूंच्या मते, त्यांच्या लहानपणी सगळ्यांचेच टॉन्सिल काढत असत आणि कोणाला काही झाले नाही. आम्ही काय करावे?
– एक वाचक, सातारा

उत्तर : आपल्या मनातली पहिली भीती आधी दूर करतो. हायपरप्लेजिया म्हणजे एखाद्या ऊतीतील नेहमीच्याच पेशींची संख्या वाढणे. टॉन्सिल आणि नाकाच्या मागे असलेले अ‍ॅडिनॉइड ही लसीका ऊती आहे, म्हणजे प्रतिकारशक्तीच्या पेशींची वसाहत. नाका-तोंडातून आत येणारे जंतू टॉन्सिलवरच्या खोलगट फटींत शिरतात, तिथल्या पेशी त्यांना ओळखतात आणि प्रतिद्रव्ये तयार करण्यासाठी झपाट्याने वाढू लागतात. बालवाडीत आणि शाळेत जाऊ लागलेल्या मुलाला दर काही आठवड्यांनी नवा विषाणू भेटतो, त्यामुळे या वयात ही ऊती मोठी दिसणे हा तिच्या कामाचाच भाग असतो. घशाभोवतीच्या या ऊतीच्या कड्याचे वर्णन वाल्डायर या जर्मन शरीररचनाशास्त्रज्ञाने 1884 मध्ये केले आणि ते कडे आजही त्याच्याच नावाने ओळखले जाते. अ‍ॅडिनॉइड साधारण तीन ते सात वर्षे या वयात सर्वांत मोठे असते आणि पुढे आक्रसत जाऊन किशोरवयात बहुतेकांमध्ये जवळजवळ नाहीसे होते. आपल्या मुलाचे दोन्ही टॉन्सिल सारखेच वाढलेले असतील, मानेत कडक आणि वाढत जाणाऱ्या गाठी नसतील, ताप किंवा वजन घटणे नसेल, तर कर्करोगाची शंका घेण्याचे कारण नाही.

आता ‘ग्रेड तीन’विषयी. दोन टॉन्सिलनी मिळून घशाच्या रुंदीपैकी 50 ते 75 टक्के जागा व्यापली की ही श्रेणी लिहितात. हे केवळ आकाराचे माप आहे. चौथ्या श्रेणीचे टॉन्सिल असूनही शांत झोपणारी मुले मी पाहिली आहेत, तशीच दुसऱ्या श्रेणीचे टॉन्सिल असून रात्रभर श्वासासाठी झगडणारीही पाहिली आहेत. म्हणून शस्त्रक्रियेचा निर्णय आकारावर न घेता मुलाच्या झोपेवर आणि श्वासावर घ्यावा, असे मी आग्रहाने सांगतो. आपल्या पत्रातली महत्त्वाची ओळ ‘श्वास अडकल्यासारखा होतो’ ही आहे. अंथरूण ओले करण्याची सुटलेली सवय पुन्हा सुरू होणे, सकाळी डोके दुखणे, दिवसा चिडचिड किंवा अतिचंचलपणा, शाळेत लक्ष न लागणे, वजन-उंची न वाढणे, कानात पाणी साचून ऐकू कमी येणे, यांपैकी काही आढळते का, हे पाहावे. रात्री मूल गाढ झोपेत असताना दोन-तीन मिनिटांचे चित्रण मोबाइलवर घ्यावे आणि ते डॉक्टरांना दाखवावे. एक्स-रेपेक्षा त्यातून अनेकदा जास्त कळते. शक्य असल्यास झोपेची चाचणी करून घ्यावी, कारण श्वास किती वेळा थांबतो आणि प्राणवायू किती खाली जातो, हे त्यातून नेमके समजते.

चाचणीत श्वासरोध सौम्य आढळला, तर काही काळ वाट पाहण्यात गैर नाही. अमेरिकेत 5 ते 9 वर्षे वयाच्या 464 मुलांवर झालेल्या आणि 2013 मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात, शस्त्रक्रिया न केलेल्या मुलांपैकी 46 टक्के मुलांची झोपेची चाचणी सात महिन्यांनी आपोआप सामान्य झाली होती. शस्त्रक्रिया झालेल्यांमध्ये हे प्रमाण 79 टक्के होते. लक्ष आणि नियोजनक्षमता यांच्या चाचण्यांत दोन्ही गटांत ठळक फरक आढळला नाही, परंतु वागणूक, झोप आणि एकूण आरोग्य यांत शस्त्रक्रिया झालेली मुले स्पष्टपणे पुढे होती. या अभ्यासातून प्राणवायू फार खाली जाणारी मुले वगळलेली होती, त्यामुळे गंभीर त्रास असलेल्या मुलाच्या बाबतीत त्याचा आधार घेऊन थांबू नये. वाट पाहण्याच्या काळात नाकात मारायच्या स्टेरॉइड फवाऱ्याचा काही आठवड्यांचा प्रयोग तज्ज्ञांच्या सल्ल्याने करता येतो. मुख्यतः अ‍ॅडिनॉइडमुळे नाक बंद राहणाऱ्या मुलांना त्याने बऱ्याचदा आराम पडतो. मॉन्टेलुकास्ट हे औषधही काही वेळा दिले जाते, मात्र त्याने काही मुलांचा स्वभाव आणि झोप बिघडते, हे ठाऊक असूनच ते द्यावे.

आपल्या सासूबाईंचे म्हणणे पूर्णपणे खोडून काढण्यासारखे नाही. टॉन्सिल ही निरुपयोगी गोष्ट नाही आणि कारणाशिवाय ती काढू नये, इथवर त्यांचे बरोबर आहे. परंतु जिभेच्या मुळाशी, घशाच्या भिंतीत आणि मानेतल्या ग्रंथींत हीच ऊती भरपूर उरते व काम करत राहते, त्यामुळे योग्य कारणासाठी टॉन्सिल काढलेले मूल उघडे पडत नाही. शेजारच्या काकूंचे मत मात्र मला अधिक चिंतेचे वाटते. न्यूयॉर्कमध्ये 1934 मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका पाहणीत 1,000 शाळकरी मुले तपासली गेली. त्यांपैकी 611 मुलांचे टॉन्सिल आधीच काढलेले होते. उरलेली 389 मुले शाळेच्या डॉक्टरांना दाखवली, तेव्हा 174 मुलांना शस्त्रक्रिया सुचवली गेली. ‘गरज नाही’ असे ठरलेल्या 215 मुलांना पुन्हा दुसऱ्या डॉक्टरांकडे नेले, तर त्यांतल्याही 99 मुलांना शस्त्रक्रिया सांगितली गेली. आणि त्यांतून वगळलेल्या मुलांपैकीही जवळजवळ निम्म्यांना तिसऱ्या फेरीत तोच सल्ला मिळाला. घसे तेच होते, निर्णयाला आधार मात्र नव्हता. त्याच काळात आणि पुढे काही दशके वाढलेल्या टॉन्सिलवर, अ‍ॅडिनॉइडवर आणि छातीतल्या थायमस ग्रंथीवर क्ष-किरणांचा मारा करून त्या लहान करण्याची पद्धत होती, आणि त्या मुलांपैकी अनेकांना पुढे थायरॉइडचा कर्करोग झाला. ‘कोणाला काही झाले नाही’ हे म्हणणे म्हणूनच खरे नाही.

शस्त्रक्रियेची कारणे मुख्यतः दोन असतात आणि त्यांची गल्लत होऊ देऊ नये. एक म्हणजे घशाचा वारंवार होणारा जंतुसंसर्ग. त्यासाठी वर्षात किमान सात वेळा, किंवा सलग दोन वर्षे दरवर्षी पाच वेळा, किंवा सलग तीन वर्षे दरवर्षी तीन वेळा, हे नोंदींसह सिद्ध झालेले प्रमाण साधारणपणे धरले जाते. आपला मुलगा त्यात बसत नाही. दुसरे कारण श्वासाचा अडथळा, आणि आपल्या वर्णनावरून तो त्यात बसण्याची शक्यता बरीच आहे. चाचणीत तसे आढळल्यास मी आपल्या डॉक्टरांशी सहमत होईन.

शस्त्रक्रिया ठरल्यास एवढे लक्षात ठेवा : घशात दिसणारा पांढरट थर पू नसतो, दुखत असले तरी मुलाला पाणी पाजत राहावे, वेदनेसाठी कोडीन असलेले औषध बारा वर्षांखालील मुलाला देऊ नये, आणि पहिल्या 24 तासांत किंवा पाचव्या ते दहाव्या दिवसांच्या दरम्यान ताजे रक्त दिसले तर सकाळची वाट न पाहता रुग्णालय गाठावे.

प्रश्न : माझे वय 29 आहे. पोटदुखी आणि जुलाब यांमुळे कोलोनोस्कोपी केली. लहान आतड्याच्या शेवटच्या भागात बारीक गाठी दिसल्या, म्हणून तुकडा तपासायला दिला. अहवालात ‘रिअ‍ॅक्टिव्ह लिम्फॉइड हायपरप्लेजिया, ग्रॅन्युलोमा नाही, घातक बदल नाही’ असे आहे. हे पुढे लिम्फोमात (लसीका पेशींच्या कर्करोगात) बदलते, असे इंटरनेटवर वाचले आणि झोप उडाली.
– एक वाचक, नागपूर

उत्तर : आतड्याच्या त्या भागात ही ऊती मुळातच दाट असते. स्वित्झर्लंडच्या पायर यांनी 1677 मध्ये तिच्या चकत्यांचे वर्णन केले होते. लहान मुलांत आणि तरुणांत त्या सहज उठून दिसतात, वयाबरोबर त्या कमी होतात. जंतुसंसर्गानंतर त्या आणखी फुगतात. अर्भकांमध्ये विषाणूच्या आजारानंतर अशी सुजलेली ऊती पुढे ओढली जाऊन आतड्यात आतडे शिरण्याचा गंभीर प्रकार घडू शकतो. आपल्या वयात तशी काळजी नसते.

आपल्या अहवालातला ‘रिअ‍ॅक्टिव्ह’ हा शब्द, म्हणजे संसर्गासारख्या कारणाला प्रतिसाद म्हणून झालेली वाढ, मला सर्वांत दिलासादायक वाटतो. सूक्ष्मदर्शकाखाली या वाढीत अनेक कुळांतल्या, वेगवेगळ्या टप्प्यांवरच्या पेशी आणि कूपिकांची (लसीका पेशींच्या गोलसर पुंजक्यांची) नेहमीची रचना शाबूत दिसते. लिम्फोमात बहुधा एकाच कुळातल्या पेशी ती रचना मोडून पसरतात. शंका असेल तेव्हा विशेष रंजनचाचण्यांनी हा फरक पक्का करता येतो. ग्रॅन्युलोमा, म्हणजे काही दीर्घ आजारांत तयार होणारा दाहक पेशींचा पुंजका, नाही, हेही चांगले लक्षण आहे. मात्र एका तुकड्यावरून आतड्याचा क्षयरोग किंवा क्रोन्स आजार (आतड्याचा दीर्घकाळ चालणारा दाह) शंभर टक्के नाकारता येत नाही, म्हणून वजन घटत असेल, संध्याकाळी ताप येत असेल किंवा शौचातून रक्त जात असेल तर पुन्हा दाखवावे. जुलाब टिकून राहिले तर जिआर्डिया या परजीवीसाठी शौचाची तपासणी करावी, आणि वारंवार सायनसचा किंवा फुप्फुसांचा संसर्ग होत असेल तर रक्तातील इम्युनोग्लोब्युलिनची, म्हणजे प्रतिद्रव्यांची, पातळी मोजून घ्यावी, कारण प्रतिद्रव्ये कमी असलेल्या काही रुग्णांत आतड्यातली ही वाढ ठळकपणे दिसते. यांपैकी काहीच नसेल, तर केवळ या अहवालासाठी कोणतेही औषध घेण्याची गरज नाही.

प्रश्न : माझे वय 58. तीन महिन्यांपासून उजवा टॉन्सिल डाव्यापेक्षा मोठा आहे. दुखत नाही. गिळताना थोडे अडते. तंबाखू पंधरा वर्षांपूर्वी सोडली. ओळखीच्या डॉक्टरांनी साधी वाढ म्हणून दोनदा प्रतिजैविके दिली.
– एक वाचक, मडगाव

उत्तर : आपल्याला मी वेगळे उत्तर देत आहे आणि ते कृपया आजच वाचावे. वर मुलांविषयी जे लिहिले ते आपल्याला लागू होत नाही. प्रौढ वयात एकाच बाजूचा टॉन्सिल वाढत जाणे, तेही वेदनेशिवाय, ही साधी वाढ असू शकते. परंतु टॉन्सिलचा कर्करोग किंवा लिम्फोमाही नेमका असाच सुरू होतो, आणि नुसत्या पाहण्याने दोहोंतला फरक सांगता येत नाही. तंबाखू सोडल्याने धोका कमी होतो, शून्य होत नाही, आणि या भागातले काही कर्करोग तंबाखूशी संबंध नसलेल्या एचपीव्ही (ह्यूमन पॅपिलोमा) विषाणूमुळेही होतात. तिसऱ्यांदा प्रतिजैविके घेऊ नयेत. याच आठवड्यात कान-नाक-घसा तज्ज्ञांना भेटावे, टॉन्सिल व मान बोटांनी चाचपून घ्यावी, दुर्बिणीने घसा तपासून घ्यावा आणि बायॉप्सीविषयी स्पष्ट विचारावे. अहवाल आल्यावर मासिकाच्या पत्त्यावर मला कळवावे. मी वाट पाहीन.