निदान डॉक्टरचं, कोड तुझा

प्रश्न : मॅडम, मी मूळची कराडची, सध्या पुण्यात. बीपीटीएच (फिजिओथेरपीची पदवी) आणि इंटर्नशिप झाली, वर्षभर एका क्लिनिकमध्ये काम करतेय. पगारात रूमचं भाडं आणि मेस भागवताना महिनाअखेर उसने घ्यावे लागतात. एका क्लासने मेडिकल कोडिंगचा तीन महिन्यांचा कोर्स सुचवलाय. फी पंचेचाळीस हजार, नोकरीची हमी. डेमोत सरांनी फळ्यावर ‘कंबरदुखी = एम५४.५’ असं लिहून दाखवलं. सोपं वाटलं. बाबा म्हणतात, साडेचार वर्षं शिकून डेटा एंट्री करणार का? काय करू?

उत्तर : आधी त्या फळ्याबद्दल बोलू, कारण तुझे पंचेचाळीस हजार त्यात अडकलेत.

कोड म्हणजे विमा कंपनीकडे जाणाऱ्या बिलावर निदानासाठी लिहायचा ठरावीक क्रमांक. एम५४.५ एवढाच कोड १ ऑक्टोबर २०२१ पासून चालत नाही. पुढे आणखी एक आकडा लागतो. कारण लिहिलेलंच नसेल तर एम५४.५०, मणक्याच्या एंडप्लेटमधून (मणक्याचा डिस्कला लागून असलेला थर) येणारं दुखणं असं डॉक्टरने नोंदवलं असेल तर एम५४.५१, इतर प्रकारचं असेल तर एम५४.५९. नुसता एम५४.५ लावून बिल पाठवलं तर क्लेम परत येतो. निदानाच्या कोडची ही अमेरिकी यादी, आयसीडी-१०-सीएम, दर १ ऑक्टोबरला बदलते. जो क्लास डेमोतच रद्द झालेला कोड शिकवतो, तिथे फी भरू नकोस. आणि नोकरीची हमी कागदावर मागून बघ, काय उत्तर येतं ते.

आता कामाबद्दल. आपल्याकडे चालणारं कोडिंग बहुतेक अमेरिकेतल्या दवाखान्यांचं असतं. तिथलं बिल विमा कंपनीकडे जातं तेव्हा त्यावर निदान कोडमध्ये लिहावं लागतं. समज, तुझ्यासमोर ओपीडीचा एक चार्ट आला : कंबर दुखते, कळ डाव्या पायात उतरते. खाली डॉक्टरने लिहिलंय, ‘डाव्या बाजूच्या सायटिकासह कंबरदुखी. एल४-एल५ डिस्कची शंका, एमआरआय सांगितला.’ (म्हणजे कंबरेच्या चौथ्या-पाचव्या मणक्यांमधली चकती.) तू फिजिओ आहेस. कळ कुठून कुठे जाते हे वाचूनच तुझ्या डोक्यात डिस्क येणार, आणि बहुधा ते बरोबरही असेल. तरी डिस्कचा कोड लावायचा नाही! ओपीडीच्या चार्टवर ‘शंका’, ‘संभाव्य’ असं लिहिलेलं निदान कोड करता येत नाही. इथे एम५४.४२ लागेल, म्हणजे डाव्या बाजूच्या सायटिकासह कंबरदुखी. सोबत एम५४.५० जोडलास तर तीही चूक, कारण हे दोन कोड एकत्र लावायला मनाई आहे. पुढच्या भेटीत डॉक्टरने ‘एल४-एल५ डिस्कमुळे रॅडिक्युलोपॅथी’ (मज्जातंतूच्या मुळाचा त्रास) असं स्पष्ट लिहिलं, की मग एम५१.१६.

हाच माणूस खोकं उचलताना कंबरेत लचक भरून आला असता, तर कोड दुखापतीच्या प्रकरणातून आला असता : एस३९.०१२, आणि त्याच्या शेवटी, दुखापतीवरचे सक्रिय उपचार चालू असताना, ए हे अक्षर. पुढे नुसत्या फिजिओथेरपीच्या फेऱ्या सुरू झाल्या की सहसा डी. हा फरक तुला कुणी शिकवावा लागणार नाही, बाकीच्यांना पाठ करावा लागतो. म्हणून बाबांना सांग, ही डेटा एंट्री नाही. शरीररचना न कळणाऱ्याला हा चार्ट वाचताच येणार नाही. त्यांची काळजी मात्र खोटी नाही. साडेचार वर्षं तुझे हात शिकलेत, आणि या कामात हातांना काही काम नाही.

माझी खरी शंका तिथेच आहे. तुला दिसत असेल पेशंटला काय झालंय, पण लिहिलेलं नसेल तर ते तुझ्यासाठी नाहीच. डॉक्टरला प्रश्न पाठवता येतो, स्वतः ठरवता येत नाही. काही जणींना ही शिस्त आवडते, काही जणी सहा महिन्यांत कोमेजतात. दोन्ही मी पाहिल्यात. दिवसाला ठरावीक चार्ट, बऱ्याच ठिकाणी ९५ टक्के अचूकतेची अट, आणि आठ-नऊ तास खुर्ची. सोपे चार्ट आता सॉफ्टवेअरही कोड करू लागलंय, त्यामुळे टिकायचं असेल तर ऑडिटपर्यंत, म्हणजे इतरांचे कोड तपासण्यापर्यंत, जायची तयारी ठेव.

परीक्षेसाठी क्लास सक्तीचा नाही. सीपीसी या कोडिंगच्या प्रमाणपत्र परीक्षेला १०० प्रश्न, चार तास, पास व्हायला ७० टक्के, आणि कोडची पुस्तकं सोबत नेता येतात. अनुभव नसेल तर प्रमाणपत्रावर सुरुवातीला ‘ए’ लागतो, म्हणजे शिकाऊ. काही कंपन्या लाइफ सायन्स आणि फिजिओच्या फ्रेशर्सना घेऊन स्वतःच शिकवतात. आधी तिथे अर्ज कर, फी नंतर. आणि काहीही ठरलं तरी फिजिओथेरपी कौन्सिलची नोंदणी चालू ठेव, ती बंद पडू देऊ नकोस.

या महिन्यात एवढं कर. आयसीडी-१०-सीएमची चालू यादी अमेरिकी सरकारच्या साइटवर फुकट मिळते, ती उतरवून घे. रोज रात्री दिवसभरातला कंबरदुखीचा एक पेशंट आठव, नाव-गाव न लिहिता डॉक्टरने जे लिहिलं होतं तेवढंच कागदावर मांड आणि कोड शोध. केसपेपर घरी आणायचा नाही, फोटोही काढायचा नाही. असे दहा झाले की मला कळव. किती बरोबर आले ते नको सांगूस. आठव्या-नवव्याला कंटाळा आला होता की उत्सुकता होती, ते लिही.