आधी हरलेल्या मॅचचं प्रकरण काढा

प्रश्न: नमस्कार ताई, गेली दोन वर्षं मला फुटबॉलचं वेड लागलंय, रात्र रात्र जागून मॅच बघतो. म्हणून मोठ्या हौसेने तीन स्टार खेळाडूंची आत्मचरित्रं घेतली पण एकही पूर्ण झालं नाही. सगळीकडे तेच, आधी गरिबी मग मेहनत मग कप आणि शेवटी आईचे आभार. माझंच काही चुकतंय का? खरंच वाचण्यासारखं काही असेल तर सांगा ना.

उत्तर: अहो तुमचं काही चुकत नाहीये. यातली बरीचशी पुस्तकं वाचायला नाही तर वाढदिवसाला द्यायलाच काढलेली असतात. खेळाडू पंचविशीतला, करार चालू, कोच तोच, ड्रेसिंग रूममधली माणसं तीच, मग तो बिचारा खरं लिहिणार तरी काय? आणि गोल कसा मारला हे दोन पानं कशाला वाचायचं, तो मोबाईलवर दहा सेकंदात दिसतो की. माझी एक सवय सांगते, पुस्तक हातात आलं की मी सरळ हरलेल्या मॅचचं नाहीतर टीमबाहेर बसवलं त्या दिवसांचं प्रकरण काढते. तिथे 'नशिबाने साथ दिली नाही' असं म्हणून चार ओळीत उरकलं असेल तर पुस्तक खाली ठेवायचं, विषय संपला.

इटलीच्या पिर्लोचं 'आय थिंक देअरफोर आय प्ले' या परीक्षेत पास होतं. २००५ ची चॅम्पियन्स लीगची इस्तंबूलची फायनल आठवते ना, त्याचा क्लब मिलान हाफटाइमला ३-० पुढे आणि शेवटी लिव्हरपूलकडून पेनल्टीवर हरले, त्यात पिर्लोचीही एक पेनल्टी अडवली गेली. त्यानंतर खेळणंच सोडून द्यावं असं वाटत होतं, असं तो सरळ लिहून टाकतो. छोटं पुस्तक आहे, विनोदीही आहे.

पण मला विचाराल तर स्टार लोकांपेक्षा ज्यांचं नाव तुम्ही ऐकलेलं नाही त्यांची पुस्तकं घ्या. इमन डन्फी नावाचा एक आयरिश मिडफिल्डर होता, लंडनच्या मिलवॉल क्लबकडून खेळायचा, त्याने १९७३-७४ च्या सीझनची डायरी ठेवली आणि १९७६ मध्ये ती 'ओन्ली अ गेम?' म्हणून आली. सुरुवातीला सगळं छान, यंदा आपण वरच्या डिव्हिजनमध्ये जाणार वगैरे, आणि मग त्याला टीममधून काढतात. आता साइडलाइनला बसलेला माणूस आपलीच टीम हरावी म्हणून मनात देव पाण्यात घालून बसतो, कारण ती जिंकत राहिली तर आपला नंबर लागणार कसा! हे कुठला खेळाडू मुलाखतीत सांगेल? सीझन अर्धा व्हायच्या आतच त्याने क्लब सोडला. डायरी म्हणून सुरू केलेलं पुस्तक बघता बघता नोकरी जाण्याची गोष्ट होऊन बसतं.

दुसरं माझं फार लाडकं, गॅरी इमलाकचं 'माय फादर अँड अदर वर्किंग क्लास फुटबॉल हिरोज', २००५ चं. वडील स्ट्युअर्ट इमलाक १९५९ मध्ये नॉटिंगहॅम फॉरेस्ट क्लबकडून इंग्लंडचा एफए कप जिंकलेले, आणि तेव्हा इंग्लंडमध्ये कितीही मोठा खेळाडू असला तरी आठवड्याला २० पौंडाच्या वर पगार द्यायचा नाही असा नियम, तो १९६१ मध्ये गेला. त्यामुळे कप जिंकणारा माणूस सुट्टीत सुतारकाम करायचा. वडील गेल्यावर मुलाच्या लक्षात येतं की आपण त्यांना नीट काही विचारलंच नाही, मग तो जुनी कात्रणं आणि जुने सहकारी शोधत फिरतो. त्यात एक टोपीची भानगड आहे. देशाकडून खेळलं की कॅप मिळते, म्हणजे खरोखरची टोपी, पण स्कॉटलंडमध्ये तेव्हा ती फक्त इंग्लंड, वेल्स, उत्तर आयर्लंडशी खेळलं तरच द्यायचे. स्ट्युअर्ट स्कॉटलंडकडून १९५८ चा वर्ल्ड कप खेळले आणि टोपी नाही! मुलगा मागे लागला तेव्हा कुठे २००६ मध्ये मिळाली, आणि ती घालायला वडील नव्हते.

खेळाडू सोडून प्रेक्षकाचं काही हवं असेल तर निक हॉर्नबीचं 'फीव्हर पिच' आहेच, १९९२ चं. आईवडील वेगळे झालेले, वडील ११ वर्षांच्या मुलाला आर्सेनलच्या मॅचला नेतात आणि त्या पोराला खेळापेक्षा जास्त काय जाणवतं तर आजूबाजूची मोठी माणसं पैसे मोजून आलीत आणि तरी सगळी वैतागलेली आहेत. कुठल्याही टीमचा खरा फॅन हे वाचून स्वतःशीच हसेल.

आणि झोपताना दोन-दोन पानं वाचायला उरुग्वेचा लेखक गालेआनोचं 'सॉकर इन सन अँड शॅडो' ठेवा. १९५० च्या वर्ल्ड कपच्या शेवटच्या निर्णायक मॅचमध्ये उरुग्वेचा दुसरा गोल खाल्लेला ब्राझीलचा गोलकीपर बार्बोसा त्यात आहे, ज्याला १९९३ मध्येसुद्धा ब्राझीलच्या टीमला भेटू दिलं नाही. अपशकुनी म्हणून. ४३ वर्षांनी!

प्रश्न: ताई, माझा मुलगा १४ वर्षांचा आहे, गोलकीपर आहे. 'अ लाइफ टू शॉर्ट' हे रॉबर्ट एन्केवरचं पुस्तक कोणीतरी सुचवलंय, देऊ का?

उत्तर: द्या, पण आधी तुम्ही वाचा. एन्के जर्मनीचा गोलकीपर होता, डिप्रेशन लपवत खेळत राहिला आणि २००९ मध्ये ३२ व्या वर्षी त्याने आयुष्य संपवलं. लिहिणारा रोनाल्ड रेंग त्याचा मित्र, दोघांनी मिळून पुस्तक करायचं असं ठरलेलं होतं, ते शेवटी एकट्याने करावं लागलं. बार्सिलोना क्लबमध्ये असताना एका खालच्या डिव्हिजनच्या टीमकडून हरल्यावर त्याची काय अवस्था झाली ते प्रकरण तर गोलकीपर असलेल्या मुलाच्या घरात सगळ्यांनीच वाचावं. फक्त त्याला एकट्याला खोलीत देऊन मोकळ्या होऊ नका, त्याच्याबरोबर वाचा आणि बोला.

प्रश्न: बायकांच्या फुटबॉलवर काही आहे का?

उत्तर: सुझान रॅकचं 'अ वुमन्स गेम', २०२२ चं. १९२० मध्ये ख्रिसमसच्या दुसऱ्या दिवशी लिव्हरपूलच्या गुडिसन पार्कवर बायकांची मॅच बघायला ५३ हजार लोक आले होते आणि पुढच्याच वर्षी इंग्लंडच्या फुटबॉल संघटनेने, म्हणजे एफएने, त्यांना क्लबांची मैदानं बंद केली. हे माहीत नसेल तर इथूनच सुरू करा.

प्रश्न: स्वीडनच्या झ्लाटानचं आत्मचरित्र मला जाम आवडलं होतं, पण आता कळलं की ते लिहिणाऱ्याने वाक्यं स्वतःच्या मनाने घातली. फसवणूकच नाही का ही?

उत्तर: ते लिहिणाऱ्या लागेरक्रान्ट्झने स्वतःच कबूल केलंय, की मी त्याचे शब्द जसेच्या तसे घेतले नाहीत, त्याचा आवाज शोधला. तो कादंबरीकारही आहे, त्यामुळे मला तरी धक्का बसला नाही. आणि झ्लाटानने पुस्तकावर स्वतःचं नाव ठेवलंय की. चोरलेल्या सायकली, रिकामा फ्रिज, बार्सिलोनात कोच ग्वार्दिओलाशी उडालेले खटके, यातलं काही त्याने नाकारल्याचं मी तरी ऐकलेलं नाही. तुम्हाला आवडलं होतं ना? मग राहू द्या कपाटात.