राजीनामा लिहायच्या आधी तो रकाना वाचा

प्रश्न : मी कळव्यात राहते. ठाण्यातल्या एका राज्य शासकीय कार्यालयात दहा महिन्यांपूर्वी लिपिक म्हणून लागले, अजून परिविक्षेवर (प्रोबेशनवर) आहे. कॉलेजात असताना एका विद्यार्थी संघटनेत होते. फीवाढीच्या मोर्चात पोलिसांनी आम्हाला ताब्यात घेऊन संध्याकाळी सोडलं होतं. गुन्हा नोंदला नाही. आता चारित्र्य पडताळणीसाठी पोलीस घरी येऊन गेले, शेजारीही विचारपूस केली. मग ज्ञापन (मेमो) आलं : नोकरीला लागताना भरलेल्या साक्षांकन नमुन्यात माहिती दडवली, तसंच ‘विशिष्ट विचारसरणीच्या संघटनेशी’ संबंध असल्याचं अहवालावरून दिसतं, सात दिवसांत खुलासा करावा. साहेब तोंडी म्हणतात, राजीनामा द्या, रेकॉर्ड स्वच्छ राहील. जनसुरक्षा विधेयकाच्या बातम्यांमुळे घरचे धास्तावलेत. काय करू?

उत्तर : राजीनामा देऊ नका. तो मंजूर झाला की प्रशासकीय न्यायाधिकरणापुढे (सरकारी नोकरांचे सेवेबाबतचे वाद तिथे चालतात) आव्हान द्यायला आदेशच उरत नाही. तुम्ही स्वखुशीने गेलात असं कागद सांगणार आणि दबाव होता हे सिद्ध करणं तुमच्या गळ्यात पडणार. ‘रेकॉर्ड स्वच्छ राहील’ हे साहेबांकडे लेखी मागून बघा, मिळणार नाही.

ज्ञापनात दोन आरोप एका वाक्यात कोंबलेत. संघटनेचा आरोप ऐकायला भयंकर, पण कायद्याच्या दृष्टीने तोच लेचापेचा. माहिती दडवल्याचा आरोप किरकोळ वाटतो, आणि मला काळजी आहे ती त्याची.

तेव्हा भरलेल्या नमुन्याची झेरॉक्स काढा आणि प्रश्न शब्दशः वाचा. ‘अटक झाली होती का’, ‘खटला चालला का’ एवढंच विचारलं असेल, तर तुमचं ‘नाही’ टिकण्यासारखं आहे. मोर्चेकऱ्यांना दिवसभर बसवून सोडतात ते सहसा महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम ६८ आणि ६९ खाली. किरकोळ प्रकरणात निमित्त संपलं की माणसाला सोडून देता येतं, असं कलम ६९ मध्येच आहे. पण काही नमुन्यांत ‘कधी ताब्यात घेतले होते का’ असाही रकाना असतो. तो असेल आणि तिथे ‘नाही’ लिहिलं असेल, तर चूक झाली आहे. मग खुलाशात शब्दांचे खेळ करू नका. गुन्हा नोंदला नव्हता, कोर्टात नेलं नव्हतं, त्यामुळे तेही लिहायचं असतं हे लक्षात आलं नाही, असं खरं असेल तर सरळ लिहा. अवतार सिंग खटल्यात (२०१६) सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींच्या पीठाने सांगितलंय की नमुन्यातला प्रश्न मोघम असेल तर त्यावरून माहिती दडवल्याचा ठपका ठेवता येत नाही. क्षुल्लक बाब असेल तर दडवलेली माहितीही नियोक्ता सोडून देऊ शकतो, आणि तिथे उदाहरण दिलंय ते तरुण वयात दिलेल्या घोषणांचं! अर्थात हा नियोक्त्याचा स्वेच्छाधिकार आहे. तो आपोआप वापरला जात नाही, खुलाशात मागावा लागतो.

आता विचारसरणी. मध्य प्रदेशात नगरपालिकेच्या शाळेतल्या एका शिक्षकाला शाळा सरकारने घेतल्यावर पडताळणीच्या अटीवर सेवेत सामावून घेतलं आणि १९७४ मध्ये काढलं. आदेशात दोष काहीच दिला नव्हता. मागे होता तो पोलीस अधीक्षकांचा अहवाल, की हे गृहस्थ संघ आणि जनसंघाच्या कामात होते. १९८३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाचे न्या. चिन्नप्पा रेड्डी यांनी शासनाला चांगलंच सुनावलं : पूर्वी कुणाचं राजकीय मत काय होतं यावरून नोकरी नाकारणं मूलभूत हक्कांच्या आड येतं, भारत हे पोलिसी राज्य नाही. रामशंकर रघुवंशी या नावाने हा निकाल सापडेल. तेव्हा संशय उजवीकडे होता, तुमच्या बाबतीत बहुधा डावीकडे असावा. निकाल दोघांनाही सारखाच लागू. परिविक्षेवरच्या माणसाला दोन ओळींच्या साध्या आदेशाने घरी पाठवता येतं हे खरं, पण आदेशाचा पाया जर असा अहवाल असेल तर न्यायालय आदेशाच्या गोड भाषेवर थांबत नाही.

अहवालाची प्रत मात्र लेखी मागाच. अमेरिकेत राष्ट्राध्यक्ष ट्रूमन यांनी २१ मार्च १९४७ रोजी सरकारी नोकरांच्या निष्ठेची चौकशी सुरू करणारा आदेश काढला. त्यात डोरोथी बेली या कर्मचारी महिलेची नोकरी गेली, आणि तिच्याविरुद्ध सांगणारे कोण हे तिला अखेरपर्यंत कळलं नाही. १९५१ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयात मतं चार-चार अशी फुटली आणि तिच्या विरोधातला निकाल कायम राहिला. आपल्याकडे अहवाल ‘गोपनीय’ म्हणून नाकारतीलही. नाकारू देत, पण लेखी नाकारू देत. ज्या कागदावरून खुलासा मागितला तोच दाखवला नाही, हा मुद्दा पुढे फार कामाचा असतो.

एक फट आहे, ती सांगून ठेवतो. संविधानाच्या अनुच्छेद ३११(२) च्या दुसऱ्या परंतुकातल्या (म्हणजे अपवादातल्या) खंड (ग) खाली राज्याच्या सुरक्षिततेसाठी चौकशीविना बडतर्फ करता येतं. जम्मू-काश्मीरमध्ये २०२१ पासून बऱ्याच जणांना असं काढलं गेलं. पण त्यासाठी राज्यपालांचं, तिथे उपराज्यपालांचं, समाधान लागतं, तुमच्या साहेबांचं चालत नाही. जनसुरक्षा विधेयक जुलै २०२५ मध्ये विधिमंडळात मंजूर झालं, त्याचा रोख बेकायदेशीर म्हणून घोषित झालेल्या संघटनांवर आहे. तुमची संघटना तशी घोषित नसेल, तर घरच्यांना निर्धास्त झोपायला सांगा.

खुलासा दोन पानांचा असू द्या. तावातावाने भाषण नको, संविधानाची उद्देशिका तर नकोच. आवक विभागाचा शिक्का आपल्या प्रतीवर घ्या, आणि शक्यतो पाचव्या दिवशीच द्या. उद्या सेवा संपवलीच तर शासनाकडे अपील असेल ते आधी करा, मग महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या मुंबई पीठाकडे मूळ अर्ज. मुदत साधारण एक वर्षाची. सरळ उच्च न्यायालयात धावू नका, सर्वोच्च न्यायालयाच्या १९९७ च्या चंद्रकुमार निकालानंतर तिथून आधी न्यायाधिकरणाकडेच पाठवतात.

तुम्ही एक गोष्ट लिहिली नाहीत. महाराष्ट्र नागरी सेवा (वर्तणूक) नियम, १९७९ चा नियम ५ शासकीय कर्मचाऱ्याला राजकीय पक्षाशी किंवा राजकारणात भाग घेणाऱ्या संघटनेशी संबंध ठेवू देत नाही. कॉलेजच्या दिवसांना तो लागत नाही, रुजू झाल्यापासूनच्या दहा महिन्यांना लागतो. या काळात वर्गणी दिली असेल, सभेला गेला असाल, फेसबुकवर काही लिहिलं असेल, तर पुसापुशी करू नका आणि खुलाशात ‘माझा कधीच संबंध नव्हता’ हे वाक्यही लिहू नका. आधी कोणा वकिलासमोर मोबाइल घेऊन बसा.