सज्ञान मुलीचा 'ताबा'?

प्रश्न : '१९ वर्षांच्या मुलीचा ताबा मिळावा म्हणून वडिलांची बंदी प्रत्यक्षीकरण याचिका' असं बातमीत वाचलं. 'बंदी प्रत्यक्षीकरण' म्हणजे नेमकं काय? आणि 'ताबा' हा शब्द इथे चालतो का?

'ताबा' चालत नाही, आणि ही चूक किरकोळ नाही. मूळ अरबी शब्दाचा अर्थ मागून चालणारा, अधीन, 'ताबेदार' त्यातलाच. आईबाप वेगळे झाले की अज्ञान मुलाचा ताबा कोणाकडे, हा वाद कायद्यात बसतो. (कायद्याच्या मराठीत 'अज्ञान' म्हणजे १८ वर्षांखालचा, एवढंच.) १८ पूर्ण झाली की माणूस सज्ञान. मग त्याचा ताबा आईकडेही नसतो, बापाकडेही नाही आणि लग्न केलं तरी जोडीदाराकडे नाही. जे कोणाकडेच नाही, ते मागणार कसं?

वडील खरं तर म्हणत असतात : माझ्या मुलीला कोणीतरी बेकायदा डांबून ठेवलंय, तिला कोर्टापुढे आणा. या बंदी प्रत्यक्षीकरण याचिकेचं मूळ नाव 'हेबियस कॉर्पस'. त्या लॅटिन शब्दांतही तेवढंच आहे, 'देह हजर कर'. ती आली की न्यायमूर्ती तिलाच विचारतात. 'मी माझ्या मर्जीने राहतेय' असं तिने मोकळेपणाने सांगितलं, की डांबल्याचा मुद्दा उरत नाही आणि याचिका निकाली निघते. केरळ उच्च न्यायालयाने २०१७ मध्ये वडिलांच्या अशाच याचिकेवर २४ वर्षांच्या मुलीचं लग्नच रद्द ठरवलं होतं. सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०१८ मध्ये तो निकाल फिरवला. २०२४ मध्ये त्याच न्यायालयाने अशा प्रकरणांसाठी सूचनाही घालून दिल्या : तिच्याशी बोलणं एकांतात व्हावं, तिला सुरक्षित वाटावं, समुपदेशनाच्या नावाखाली तिचं मन वळवू नये. घरच्यांच्या नजरेसमोर उभं राहून 'मला परत जायचं नाही' म्हणणं किती जड जातं, हे ज्याला कळतं त्याला या सूचनांचं मोल कळेल.

आता 'बंदी प्रत्यक्षीकरण'. हा हिंदीतून आलेला शब्द. मराठी कानाला 'बंदी' म्हटलं की आधी मनाई आठवते, कैदी नंतर. शिवाय ती बंदिवान आहे की नाही, हेच तर कोर्टाला ठरवायचं असतं. या शब्दात ते आधीच ठरून जातं. संविधानाच्या मराठी पाठात 'देहोपस्थिती' आहे. तो शब्द मला अधिक नेमका वाटतो, पण रुळलेला नाही. बातमीत 'हेबियस कॉर्पस' लिहिलेलं सर्वांना समजतं.

तेव्हा मथळा असा हवा : 'मुलीला डांबून ठेवल्याचा आरोप, वडिलांची हेबियस कॉर्पस याचिका'. आणि निकालाच्या बातमीत 'तिला पतीच्या ताब्यात दिले' असंही लिहू नये. 'तिला हवे तिथे जाण्यास ती मोकळी असल्याचे कोर्टाने स्पष्ट केले', असं लिहावं.